क्रियापदांचा गाळ

३ फेब्रुवारी

धाकट्या,

पत्राच्या सुरुवातीला 'प्रिय' लिहायची रीत आहे. लिहिलंय असं समज आणि पुढे वाच.

हे पत्र तुला बोलवायला नाही. आधीच सांगते, म्हणजे नकार कळवायचे कष्ट वाचतील. आई गेल्यापासून चार वर्षं आपण एकमेकांना एक ओळ लिहिली नाही आणि कुणाचं काही अडलं नाही. तेव्हा हीही नुसती माहिती म्हणून घे. बाबांचं हृदय थकलंय. डॉक्टरांना विचारलं, थकलंय म्हणजे नेमकं काय झालंय? म्हणाले, वयोमानानुसार. हे उत्तर माझ्या चांगल्या ओळखीचं आहे. कंपनीत मीही तेच लिहिते. 'आपली छत्री वयोमानानुसार आपण होऊन उघडेनाशी झाली आहे.' दुरुस्त होण्यातलं नसलं की वयोमान पुढे करायचं.

हो, मी अजून तिथेच आहे, तक्रार विभागात. खिडकीजवळचं टेबल मिळालं, तेवढीच प्रगती. जादूच्या वस्तू बनवणारी कंपनी म्हटलं की लोकांना वाटतं, आत धूर असेल, ठिणग्या उडत असतील. आत फायली आहेत. सध्या हाक मारणाऱ्या पातेल्याचा जोर आहे. दूध उतू जायला आलं की ते घरच्या बाईला नावाने हाक मारतं. एका घरात ते नवऱ्याच्या पहिल्या बायकोचं नाव घेतं. दुसरी लिहिते, बदलून द्या. मी उत्तर लिहिलं, 'पातेल्यात दोष नाही, त्याची स्मरणशक्ती उत्तम आहे.' साहेबांनी ते वाक्य खोडलं.

बाबा अजून रोज जिना उतरून खाली दुकानात बसतात. डॉक्टरांनी सांगितलं, काम कमी करा. बाबांनी मान हलवली. तोंडात टाचण्या होत्या. शिंप्याच्या तोंडात टाचण्या असल्या की त्याला कशालाच उत्तर द्यावं लागत नाही, आणि हा फायदा त्यांनी आयुष्यभर घेतलाय, तुला सांगायला नको. तू दुकान नको म्हणालास तेव्हाही त्यांनी एकच टाचणी काढली होती, 'जा' म्हणण्यापुरती.

ते तुझी आठवण काढतात, असं इथे लिहिलं असतं तर पत्र जरा बरं दिसलं असतं. काढत नाहीत. तुझा विषय निघाला की मशीन जोरात चालवतात.

तू तिकडे बेटावर वाऱ्याचा वेग मोजतोस. चांगलं काम आहे. आईच्या वेळी इथे काय सुटलं होतं, ते तुझ्या यंत्राला लागलं नसेल. लांब पडतं.

लाँच रोज सुटते, पण टपाल आठवड्यातून एकदाच नेते, म्हणून आजच टाकते. उत्तर आलं तर वाचीन.

ताई


१८ फेब्रुवारी

धाकट्या,

उत्तर वाचलं. दोनदा वाचलं, कारण पहिल्यांदा वाटलं, मलाच चष्मा बदलायला झालाय.

तू लिहितोस, 'या वेळी आधी कळवल्याबद्दल आभार. आईचं ऑपरेशन उरकल्यावर दोन दिवसांनी कळवलं होतंत. तेसुद्धा 'ये' न म्हणता.'

तुला वाऱ्याचा वेग मोजायला ठेवलाय की वारा प्यायला?

नीट ऐक. ऑपरेशन ठरलं तेव्हा मी दवाखान्यात आईजवळ होते. बाबा म्हणाले, 'मी कळवतो.' ते घरी गेले, दुकानाचं दार आतून लावलं आणि कुजबुजीच्या डबीत बोलले. हो, तीच डबी, बटणांच्या डबीएवढी, पितळेची. तुमच्या बेटावर फोन लागत नाही म्हणून तू निघालास तेव्हा मी कंपनीतून जोडी आणली होती. एक तुझ्याकडे, एक आपल्याकडे. इथे बोललं की तिथली उघडते. आई रोज बोलायची. बाबांनी तोवर एकदाही हात लावला नव्हता. त्या दिवशी लावला.

परत आले तेव्हा आईने विचारलं, 'कळवलंत?' 'कळवलं.' 'काय म्हणाला?' त्यावर बाबा पाण्याचं भांडं भरायला गेले. भांडं भरलेलंच होतं.

ऑपरेशनला अजून दोन दिवस होते, धाकट्या. दोन दिवस. आई दाराकडे डोळे लावून बसली होती असं लिहिणार नाही, कारण खाट अशी लावलेली होती की दार तिच्या डोक्यामागे येत होतं. म्हणून बाहेर पाऊल वाजलं की मला विचारायची, 'कोण गं?' मी म्हणायची, नर्स. मी म्हणायची, झाडूवाला. मी म्हणायची, पलीकडच्या पेशंटचा भाऊ. एकदा म्हणाली, 'त्यांचे भाऊ बरे येतात.' एवढंच. पुढे तिला आत नेलं आणि ती बाहेर आली नाही.

आणि तू म्हणतोस, उरकल्यावर कळवलं.

तू नक्की काय ऐकलंस ते मला शब्दाला शब्द लिहून पाठव. ग्राहकांनाही आम्ही हेच सांगतो, कृपया भावना कळवू नयेत, शब्द कळवावेत.

ताई


६ मार्च

धाकट्या,

तू शब्द कळवलेस. 'आईचं ऑपरेशन. परवा.' आणि मग, तुझ्या म्हणण्याप्रमाणे, डबी कितीतरी वेळ उघडी राहिली आणि बाबा काही बोलले नाहीत.

पत्र मिळालं तेव्हा माझा पारा असा चढला होता की तू समोर असतास तर तुझं काही खरं नव्हतं. मग जेवण टाकून बसले आणि तो 'परवा' पुन्हा पुन्हा म्हणून पाहिला. काय लबाड शब्द आहे बघ! दोन्हीकडे तोंड करून बसलाय. उलटून गेलेलाही परवा आणि यायचा तोही परवा. त्याला एका जागी बांधायला मागे काहीतरी लागतं. आहे, किंवा झालं. ते नसेल तर ऐकणाऱ्याच्या मनात जे असेल ते. तुझ्या मनात राग होता, म्हणून तुला गेलेला परवा ऐकू आला. माझ्या मनात काय होतं ते तुला मागच्या पत्रात दिसलंच.

पण बाबा कितीही तुटक बोलले तरी 'परवा आहे' एवढं म्हणतील की नाही?

हा प्रश्न डोक्यात घेऊन ऑफिसात गेले, तर टेबलावर एका आजींची तक्रार. त्यांची लेक समुद्रापलीकडच्या गावी दिलेली. आजींनी डबीत सांगितलं, 'जावईबापू, रविवारी सगळ्यांना घेऊन येऊ नका.' घरात रंगकाम चाललं होतं. जावयाला ऐकू आलं, 'जावईबापू, रविवारी, सगळ्यांना.' आला की तो! आईवडील, आत्या, आत्याची नणंद, झाडून सगळे. रंगाच्या डब्यांवर बसून पाहुणचार झाला. आजी विचारतात, माझं 'येऊ नका' कुणी खाल्लं?

मी तशीच उठून खाली दुरुस्तीच्या खोलीत गेले. तिथे आमची चिमटेबाई असते. कायम हातात चिमटा आणि जिभेवर कुणाची तरी निंदा. तिला म्हटलं, 'कुजबुजीत शब्द गळतात का गं?'

'सगळे नाही. क्रियापदं.'

'काय?'

'अगं, बचत जातीची डबी ना? लांब पल्ला असला की गाळते ती. नाम हलकं असतं. 'डोंगर' म्हण, भुर्रकन जाईल. 'सरक' म्हणून बघ! मंत्राचा घाम निघतो. जवळच्या जवळ जातं सगळं, म्हणून गावात कुणाची तक्रार नाही. समुद्र ओलांडायचा म्हटलं की डबी ओझं खाली टाकते.'

'आणि हे वरच्यांना माहीत आहे?'

'त्यांनीच तर ठरवलं. मोठे साहेब म्हणाले, ग्राहक सुज्ञ असतो, संदर्भावरून समजून घेतो. तू इतकी वर्षं उत्तरं लिहितेस, तुला नाही सांगितलं? अरे देवा. संदर्भावरून समजून घे म्हणजे झालं.' आणि स्वतःच्याच विनोदावर हसत बसली.

मला नाही हसू आलं. मला दवाखान्यातून घरी आले तो दिवस आठवला. बाबा खुर्चीत बसले होते, चपलासुद्धा काढल्या नव्हत्या. डबी मीच उघडली. मी म्हणाले, 'आई गेली.'

तुला काय ऐकू आलं ते मी आता सांगू शकते. तुला ऐकू आलं, 'आई.'

तुला वाटलं असेल, ताई शेजारच्या खोलीतल्या आईला हाक मारतेय. ती गेल्याचं तुला कळलं ते पुढच्या टपालाने, कुणा नातेवाइकाच्या पत्रातून.

ताई


२० मार्च

धाकट्या,

तुझं पत्र येईपर्यंत थांबणार होते, राहवलं नाही.

बाबांना विचारलं. दुकानात गेले, समोर स्टुलावर बसले. ते एका पँटीची कंबर सैल करत होते. गिऱ्हाईक सुटलंय, म्हणे.

'बाबा, आईच्या ऑपरेशनच्या वेळी तुम्ही त्याला काय सांगितलंत?'

'सांगितलं.'

'काय?'

'ऑपरेशन.'

'अजून?'

टाचण्या तोंडात. मी हात पुढे केला. लहानपणी आई करायची तसा. माझ्या तळहातावर टाचण्या ठेवल्या त्यांनी, एकेक करून.

'त्याला 'ये' म्हणालात की नाही?'

'बोलवायला तो काय पाहुणा आहे?' मग कात्री उचलली. 'घरात आई आजारी आहे म्हटल्यावर यायचं असतं. पत्रिका नाही छापत कुणी.'

मी त्यांना डबीचं सांगितलं. क्रियापदं, लांब पल्ला, सगळं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाले, 'म्हणजे त्याला ऐकूच गेलं नाही?' मी म्हटलं, 'जेमतेम दोन-तीन शब्द.' त्यांनी पँट उलटी केली, सुलटी केली, पुन्हा उलटी केली. मग म्हणाले, 'मग तो गप्प का बसला?' मला कळेना, हे मला विचारतायत की पँटीला.

डबी त्यांच्याच गल्ल्याच्या खणात होती. मी मागितली. देताना म्हणाले, 'त्यात काही नाही.' ज्या गोष्टीत काही नसतं ती माणूस चार वर्षं कुलपात ठेवत नाही, पण हे मी मनातच ठेवलं.

आता तुला विचारायचं ते हे. चिमटेबाईला मी विचारलं, गाळलेलं क्रियापद जातं कुठे? म्हणाली, 'जाईल कुठे? तळाशी बसतं, चहाच्या गाळासारखं. बूड फिरवलं की निघतं. पण एकदाच. हवेला लागलं की संपलं. म्हणजे ज्याने ऐकलं त्याने ऐकलं.'

डबी माझ्यासमोर आहे. हलवली तर आत काहीतरी सरकतं. त्यात 'ये' असेल तर ते तुझं आहे, मला ऐकायचा अधिकार नाही. आणि नुसतंच 'आहे' असेल तर, खरं सांगते, ते ऐकायचा धीर नाही. तुझ्याकडे पाठवू? की तू येऊन ऐकशील? बाबांची तब्येत तशीच आहे. दुपारी धाप लागते. नाही म्हणतात, पण जिन्यात मधेच थांबून भिंतीवरचे डाग बघत उभे राहतात. इतकी वर्षं त्या भिंतीकडे त्यांनी ढुंकून पाहिलं नव्हतं.

हे पत्र बोलवायला आहे की नाही, ते तूच ठरव.

ताई


९ एप्रिल

धाकट्या,

बाबा गेले.

हे पत्रात लिहिते आहे, कारण पत्रात क्रियापद पोचतं.

सकाळी दुकान उघडलं, मशीनला तेल घातलं, खुर्चीत बसले. गिऱ्हाईक आलं तेव्हा त्याला वाटलं, डुलकी लागलीय. ते बिचारं समोर बसून राहिलं, उठवायचं कसं म्हणून. त्या सुटलेल्या कमरेचाच तो गृहस्थ. त्यानेच शेवटी मला हाक मारली आणि दुकानात माझी माफी मागत राहिला, जणू त्याच्या पोटाच्या भारानेच झालं सगळं.

तुझं पत्र त्याच आठवड्याच्या लाँचने आलं. माझ्या हातात पडलं तेव्हा घरात माणसं होती, म्हणून फोडलं नाही. सगळे गेल्यावर फोडलं. तू लिहिलं होतंस, 'डबी उघडू नकोस. 'ये' नसलं तर मला ते कळायला नको. आणि असलं तर मी कसा जगू?' उत्तर द्यायला उशीर झाला होता. तुझं पत्र फोडायच्या आधीच मी बूड फिरवलं होतं.

रागाव. पण ऐक. मला आवाज हवा होता. अंगावरचे कपडे, चष्मा, टेप, सगळं समोर होतं आणि आवाज कशातच नव्हता.

आधी आई निघाली.

मला हे लक्षातच आलं नव्हतं. तळाशी सर्वांत जुना गाळ, म्हणजे तिचा. ती रोज तुझ्याशी बोलायची ना? तू सुट्टीला आलास की म्हणायचास, आई डबीत नुसतं 'बाळा' म्हणते आणि गप्प होते, आणि आपण हसायचो. ती गप्प होत नव्हती रे. 'जेवलास?' 'झोपतोस?' 'खोकतोयस.' 'पांघरत जा.' 'लिहीत जा.' 'जेव.' 'जेव.' 'जेव.' खोली भरून गेली. मी दोन्ही हातांनी डबी धरून बसले होते, जणू ती सांडेल.

मग थोडं थांबलं. मग बाबा. टाचण्या नव्हत्या तोंडात, स्वच्छ आवाज. जसं ऐकलं तसं लिहिते, मधे माझं काही घालत नाही.

'आहे.'

'घाबरलीये.'

'विचारते.'

'ऐकतोयस?'

'बोल.'

'बोल ना.'

'रागावलायस?'

'बोल.'

मग बराच वेळ काही नाही. मग, 'ठेवतो.'

त्यांच्यानंतर एक बाई 'गेली' म्हणाली. ती मी होते. स्वतःचा आवाज ओळखू आला नाही.

मग डबी रिकामी झाली, आणि मी तुझं पत्र फोडलं. त्यात शेवटी तू लिहिलंयस, 'ते बोलत नाहीत हे बघून मी दोनदा म्हणालो होतो, बोला. तरी ते गप्प. मग मी डबी मिटली.'

ते 'बोल' म्हणत होते आणि तू 'बोला' म्हणत होतास. दोघंही डब्या उघड्या टाकून, एकाच वेळी. मधे काय होतं? समुद्र होता म्हणावं, तर समुद्रावरून 'ऑपरेशन'सारखा अगडबंब शब्द आरामात गेला. अडला तो एका कान्याच्या फरकाचा शब्द. दोन्हीकडून अडला.

आता ते दुसरं. 'ये' त्यात नव्हतं.

मी तुला खोटं लिहू शकले असते. मधे कुठेतरी, 'विचारते'च्या पुढे, एक अक्षर घालायचं होतं फक्त. आयुष्यभर मी लोकांना बरं वाटेल असंच लिहिलंय, त्याचाच पगार घेते. कागदावर लिहिलंही होतं. तो कागद फाडला. त्यांनी तुला बोलवलं नाही, धाकट्या. बोलवायला तू पाहुणा नव्हतास. त्यांना तुझा आवाज ऐकायचा होता, तेवढा ऐकला असता तर पुढचं त्यांनी आईला काय सांगितलं असतं कोण जाणे. निदान भरलेलं भांडं पुन्हा भरायला गेले नसते.

आता मी सांगते. ये.

ताई


१२ मे

धाकट्या,

नीट पोचलास का? लाँचमध्ये उलट्या झाल्या असतील. लहानपणी झोपाळ्यावरही व्हायच्या.

तू आलास, आठवडाभर राहिलास, आणि आपण दोघं जे बोलायला हवं ते बोललो नाही. मी आठवून पाहिलं, आपण काय बोललो. 'मीठ.' 'पाणी.' 'किल्ली.' 'टॉवेल.' बचत जातीच्या दोन डब्या एका घरात राहिल्या म्हणायच्या. शेवटच्या दिवशी तू दुकानात बसून गिऱ्हाइकांचे अर्धवट कपडे ज्याचे त्याला परत देत होतास, तेव्हा मी जिन्यात उभी होते. त्या कमरेवाल्या गृहस्थाला तू म्हणालास, 'काका, मीच टीप मारून देतो, चालेल?' आणि मारलीस. वाकडी मारलीस. तो काल रस्त्यात भेटला, तीच पँट घातली होती. म्हणाला, 'बसतेय हो, छान बसतेय,' आणि एका हाताने धरून चालत होता.

हे पत्र खरं म्हणजे ऑफिसच्या कामाचं आहे. तुला कंपनीकडून एक सूचना येईल. ग्राहकांच्या सुरक्षिततेसाठी कुजबुजीच्या सगळ्या जुन्या डब्या परत मागवत आहोत, गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत. मसुदा माझाच आहे. 'दिलगीर' हा शब्द साहेबांनी दोनदा मोजून एकदा ठेवला.

सुरक्षितता वगैरे काही नाही. चिमटेबाईने सांगितलं. कंपनी पुढच्या हंगामात बोलकी बाहुली काढतेय. पोट दाबलं की बोलणारी. कारखान्यात घडवलेली क्रियापदं तिच्या तोंडी घालून पाहिली, तर कोरडी वाटतात, पोरं दोन दिवसांत कंटाळून फेकतात. मग कुणा हुशार माणसाच्या लक्षात आलं, की डब्यांच्या तळाशी माणसांची वापरलेली क्रियापदं पडून आहेत. ऊब असलेली, काकुळतीची, आणि फुकट. डब्या येतील, खालच्या खोलीत बंद हवेत बुडं फिरवतील, आणि एकेक शब्द एकेका बाहुलीच्या पोटात. बाहुलीत तो टिकतो म्हणे. पाहिजे तितक्या वेळा वाजतो. एवढं करता येतं यांना. डबीत नाही केलं.

मी राजीनामा लिहिला. मग फाडला. मग पुन्हा लिहिला, तो पर्समध्ये आहे. उद्याचं उद्या.

तुझ्या डबीत तुझी क्रियापदं आहेत. आईला दिलेली उत्तरं असतील, 'जेवलो', 'झोपतो', बहुतेक सगळी खोटी. आणि वर ते 'बोला'. मी आधी लिहिणार होते, पाठवू नकोस, माझ्याकडे आण, मी ऐकते. मग वाटलं, मी काय ऐकणार? ते मला म्हटलेलंच नाही. मला तू 'बोल' म्हणतोस, आणि भांडण असलं की तेही नाही. 'बोला' हे घरात एकाच माणसासाठी होतं.

म्हणून पाठव. नियमाप्रमाणे पाठव, पोच घे.

कुठल्यातरी घरात कुणीतरी पोर, जिच्याकडे मोठ्यांनी दिवसभर लक्ष दिलेलं नाही, बाहुलीचं पोट दाबेल. बाहुली तुझ्या आवाजात म्हणेल, 'बोला.' इतक्या मानाने तिला आजवर कुणी विचारलं नसेल. ती दचकेल, इकडेतिकडे बघेल, आपल्यालाच म्हणतायत ना याची खात्री करून घेईल. आणि मग बोलायला लागेल.

ताई